ऑस्कर हॅमरस्टाइन: गाणी लिहिणारा नाटककार

तुमचा प्रश्न थोडक्यात असा: तुम्ही एका नव्या संगीत नाटकाची पदं लिहिताय. अमेरिकन म्युझिकल समजून घ्यायचं तर ऑस्कर हॅमरस्टाइन (दुसरे) यांच्यापासून सुरुवात करा, असं तुम्हाला सांगण्यात आलं. तुम्ही ‘द साउंड ऑफ म्युझिक’ चित्रपट पाहिलात आणि गाणी गोड पण भाबडी वाटली. मग यात शिकण्यासारखं काय आहे आणि त्यांचं आज काय उरलंय?

मी रंगभूमीसाठी गाणी लिहिते, शिकवतेही, आणि शिकवताना ज्यांच्याकडे वारंवार जावं लागतं असे हे लेखक आहेत. तुम्ही सुरुवात मात्र शेवटाकडून केलीत. ‘द साउंड ऑफ म्युझिक’ हे त्यांचं अखेरचं काम. १६ नोव्हेंबर १९५९ रोजी ते ब्रॉडवेवर, म्हणजे न्यू यॉर्कच्या व्यावसायिक रंगभूमीवर, आलं आणि पुढच्याच ऑगस्टमध्ये, २३ ऑगस्ट १९६० रोजी, पोटाच्या कर्करोगाने हॅमरस्टाइन गेले. एरवी ते नाटकाची संहिताही स्वतः लिहीत. इथे संहिता हॉवर्ड लिंडसे आणि रसेल क्राउस यांची होती, हॅमरस्टाइन यांची फक्त गीतं. तुम्ही पाहिलात तो चित्रपट १९६५ चा. त्यासाठी वाढवलेल्या दोन गाण्यांचे शब्दही त्यांचे नाहीत. संगीतकार रिचर्ड रॉजर्स यांनी ते स्वतःच लिहिले, कारण जोडीदार उरला नव्हता. ज्या ‘एडलवाइस’ला अनेक जण ऑस्ट्रियाचं जुनं लोकगीत समजतात, ते हॅमरस्टाइन यांनी बॉस्टनमधल्या पूर्वप्रयोगांच्या वेळी लिहिलं. तेच त्यांचं शेवटचं गीत. आजारी माणसाने, दुसऱ्या कुणाच्या संहितेसाठी लिहिलेल्या गाण्यांवरून त्यांची पारख करू नका. ‘ओक्लाहोमा!’ आणि ‘कॅरोसेल’ घ्या, आणि गाणी सुटी ऐकू नका, संहितेसकट वाचा.

संहितेसकट वाचा हे मी मुद्दाम म्हणते. हॅमरस्टाइन आधी नाटककार होते, गीतकार नंतर. त्यांचं गाणं नाटकातून उपटून काढलं की निम्मं मरतं, आणि उरलेलं निम्मं गोड वाटतं. तुम्हाला जाणवलेला भाबडेपणा बराचसा तिथून येतो.

जन्म १८९५ चा, न्यू यॉर्कचा. आजोबा, पहिले ऑस्कर हॅमरस्टाइन, सिगार वळण्याच्या यंत्रांवर पैसा मिळवून तो ऑपेराच्या थिएटरांत घालवणारे गृहस्थ. वडीलही थिएटरच्या व्यवस्थापनात, पण मुलाने या धंद्यात पडू नये असं त्यांचं मत. म्हणून कोलंबिया विद्यापीठात कायद्याचं शिक्षण सुरू झालं आणि अर्धवट सुटलं. काका आर्थर निर्माते होते, त्यांच्याकडे रंगमंचामागची कामं करत हा मुलगा नाटक शिकला. काकांनीच त्याला ऑटो हार्बाख या अनुभवी लेखकाबरोबर बसवलं. गाणं कथेतून यावं, हा हट्ट हॅमरस्टाइन यांनी हार्बाखकडून उचलला. १९२० च्या दशकात त्यांनी ‘रोझ-मेरी’, ‘द डेझर्ट साँग’ असे त्या काळच्या चालीचे ऑपेरेटा, म्हणजे हलकेफुलके ऑपेरा, लिहिले. चालले जोरात, पण आज ते वाचायची गरज नाही.

गरज आहे ती ‘शो बोट’ची. २७ डिसेंबर १९२७, झिगफेल्ड थिएटर, संगीत जेरोम कर्न यांचं. एडना फर्बर यांच्या कादंबरीचा पट मिसिसिपी नदीवर अनेक दशकं पसरलेला आहे: वंशभेद, मोडलेलं लग्न, दारू, जुगार. त्या काळच्या म्युझिकलमध्ये हे विषय कुणी आणत नसे. हा पसारा एकत्र बांधणार कोण? हॅमरस्टाइन यांनी ते काम नदीला दिलं आणि नदीचं गाणं धक्क्यावर ओझी वाहणाऱ्या कृष्णवर्णीय हमालाच्या तोंडी घातलं. ‘ओल मॅन रिव्हर’ ते हेच.

या गाण्याची बांधणी जवळून बघा. त्यात यमकं फार थोडी आहेत. ओळी एकमेकींना बांधल्या जातात त्या तेच तेच शब्द आणि त्याच शब्दरचना पुन्हा पुन्हा येत राहिल्याने. हॅमरस्टाइन यांनी १९४९ मध्ये आपल्या गीतांचा संग्रह काढला, त्याला गीतलेखनावर एक लांब प्रस्तावना जोडली. त्यात ते सांगतात की यमक चमकलं की कान यमकाकडे जातो आणि अर्थावरून सरकतो. शिवाय हा गाणारा माणूस आयुष्यभर ओझं उचलत आलेला आहे, त्याच्या तोंडी चटपटीत यमक शोभणार नाही. पुनरुक्तीने मात्र नदीचं वाहणंही मिळतं आणि त्या माणसाचा थकवाही. यमक न जुळवणं हा इथे त्या माणसाबद्दल घेतलेला निर्णय आहे. आपल्याकडे पदं लिहिताना हात पहिल्यांदा यमकाकडे जातो. तुमचंही पहिलं पद काढा आणि पात्राला ते यमक सुचलं असतं का, हे तपासा.

हे गाणं आपल्यापर्यंत एका वेगळ्या वाटेनेही आलंय. कृष्णवर्णीय गायक-नट पॉल रोबसन यांनी ते जगभर नेलं आणि पुढे स्वतः त्याचे शब्द बदलून त्याला लढ्याचं गाणं केलं. न्यू यॉर्कमध्ये शिकत असताना भूपेन हजारिका रोबसन यांना भेटले. त्या प्रेरणेतून ब्रह्मपुत्रेचं असमिया गाणं आलं आणि तेच हिंदीत ‘गंगा बहती हो क्यों’ म्हणून आपण ऐकतो. नदीला जाब विचारणं ही हजारिकांची भर. हॅमरस्टाइन यांचा हमाल नदीकडे बघून नुसता सोसत राहतो.

‘शो बोट’च्या मूळ संहितेत मात्र कृष्णवर्णीयांसाठी वापरला जाणारा अपमानास्पद शब्द आरंभीच्या समूहगीतातच होता. तो पुढच्या रूपांत बदलावा लागला, आणि ते योग्यच झालं. सहानुभूती खरी, पण गोऱ्या लेखकाच्या नजरेतली, हे ध्यानात ठेवूनच ते वाचावं लागतं.

त्यानंतरची वर्षं वाईट गेली. लंडनमध्ये पडले, न्यू यॉर्कमध्ये पडले, हॉलिवूडमध्ये करारावर बसून राहिले. १९४१ च्या डिसेंबरात ‘सनी रिव्हर’ सेंट जेम्स थिएटरला लागलं आणि सहा आठवड्यांत उतरलं. या माणसाचं संपलं असं धंद्यात सर्रास बोललं जात होतं. मग त्याच सेंट जेम्स थिएटरात ३१ मार्च १९४३ रोजी ‘ओक्लाहोमा!’ लागलं आणि त्याचे २,२१२ प्रयोग झाले. वर्षअखेरीस बिझेच्या ‘कार्मेन’वरून केलेलं, सगळे कृष्णवर्णीय कलावंत असलेलं ‘कार्मेन जोन्स’ही गाजलं. तेव्हा हॅमरस्टाइन यांनी ‘व्हरायटी’ या व्यवसायाच्या साप्ताहिकात जाहिरात दिली. त्यात यशाचा उल्लेख नव्हता. पडलेल्या नाटकांची नावं, थिएटरं आणि प्रत्येक किती आठवडे चाललं याची यादी होती, आणि सोबत ओळ: मी हे आधी करून दाखवलंय, पुन्हाही करू शकतो! मला हा माणूस आवडतो त्याचं एक कारण ही जाहिरात आहे.

आता ‘ओक्लाहोमा!’. लिन रिग्ज यांच्या ‘ग्रीन ग्रो द लायलॅक्स’ या नाटकावर ते बेतलंय. त्या काळी म्युझिकलचा पडदा वर गेला की नाचणाऱ्या मुलींची रांग हवी, हा अलिखित नियम होता. इथे पडदा उघडतो तेव्हा एक म्हातारी बाई अंगणात लोणी घुसळत बसलेली आहे आणि विंगेतून एका पुरुषाचा आवाज येतो, साथीशिवाय. तो सकाळचं वर्णन करतोय. हे गाणं कुठून आलं? रिग्जच्या रंगसूचनेतून. मूळ नाटकाच्या सुरुवातीला उन्हाळ्यातल्या लख्ख सकाळीचं, कुरणातल्या गुरांचं, कोवळ्या मक्याचं सुंदर वर्णन आहे, पण ते छापील पानावर. प्रेक्षकाला ते कधीच ऐकू जात नाही. हॅमरस्टाइन यांना ते वाया जाऊ द्यायचं नव्हतं. त्यांनी रंगसूचनाच गाण्यात आणली.

त्या गाण्यात मका हत्तीच्या डोळ्याइतका उंच झालाय अशी ओळ आहे. आधी त्यांनी तट्टाच्या डोळ्याइतका असं लिहिलं होतं. मग पेनसिल्व्हेनियातल्या डॉइल्सटाउनच्या आपल्या शेतघरातून निघून ते शेजाऱ्याच्या मक्याच्या शेतात गेले, तर मका तट्टाच्या कितीतरी वर गेलेला. म्हणून हत्ती आला. या एका गीतावर त्यांनी तीनेक आठवडे घातले. रॉजर्स यांनी चाल दहा मिनिटांच्या आत लावली. आधीचे जोडीदार लॉरेंझ हार्ट यांच्याबरोबर काम करताना रॉजर्स चाल आधी करत, शब्द मागून येत. हॅमरस्टाइन यांच्याबरोबर हा क्रम उलटला, शब्द आधी. तालात न बसवलेल्या वाक्याला पुरेसा वेळ मिळाला, आणि पात्र जसं बोलेल तसं गीत लिहिणं त्यामुळे शक्य झालं. तुम्ही संगीतकाराकडून तयार चाल घेऊन शब्द भरत असाल तर निदान प्रमुख पात्राच्या दोन-तीन पदांपुरता हा क्रम बदलून बघा.

प्रेमगीताचा त्यांचा मार्गही शिकून घ्यावा असा आहे. पहिल्याच प्रवेशात नायक-नायिकेचं द्वंद्वगीत तर हवं, पण दोघांनी प्रेमाची कबुली दिली की नाटक तिथेच संपलं. मग काय करायचं? ‘शो बोट’मध्ये दोघं प्रेमात असल्याचं नुसतं समजून चालतात. ‘ओक्लाहोमा!’मध्ये दोघं एकमेकांना काय काय करू नकोस ते सांगतात, नाहीतर लोक म्हणतील आपलं जमलंय. ‘कॅरोसेल’मध्ये बाकावर बसलेले बिली आणि ज्युली, माझं तुझ्यावर प्रेम असतं तर कसं झालं असतं, एवढंच गातात. सगळं संकेतार्थात. प्रेक्षकाला सगळं कळतं आणि पात्रांच्या तोंडून काहीच सुटत नाही. बिलीला ते खरं म्हणता येतं ते मेल्यानंतर. बाकावरचा तो प्रवेश मी दर वर्षी शिकवते, कारण त्यात बोलणं कुठे संपतं आणि गाणं कुठे सुरू होतं ते बोट ठेवून दाखवता येत नाही.

‘कॅरोसेल’ १९४५ चं. फेरेंस मोल्नार यांचं ‘लिलिओम’ हे बुडापेस्टमधलं नाटक त्यांनी अमेरिकेच्या मेन राज्याच्या किनाऱ्यावर आणलं. त्यातलं बिलीचं स्वगत जवळजवळ आठ मिनिटांचं गाणं आहे. बायको गरोदर आहे हे त्याला नुकतंच कळलंय. तो मुलाची स्वप्नं रंगवतो: असा होईल, तसा होईल, माझ्यासारखा दांडगा होईल. चाल, ठेका, सगळं बढाईखोर. मध्येच तो थबकतो. मुलगी झाली तर? तिथे गाणं पूर्ण बदलतं. मुलाबरोबर मजा करता येते, पण मुलीचा बाप व्हावं लागतं, असा त्याचा हिशेब, आणि त्यासाठी पैसा लागतो. चोरी करून, नाहीतर मरून, कसाही मिळवेन, इथे गाणं संपतं. तो दरोड्यात सामील होतो आणि त्यातच मरतो. गाणं सुरू झालं तेव्हा तो एक माणूस होता, संपलं तेव्हा वेगळा, आणि नाटकाचा पुढचा सगळा भाग त्या बदलावर उभा. हे आठ मिनिटांचं गाणं कापलं तर कथाच कळणार नाही.

आपल्या परंपरेची आठवण इथे येणारच. किर्लोस्करांच्या ‘शाकुंतल’पासून आपलं संगीत नाटक गायकीचं, ‘वन्स मोअर’चं. पद थांबून ऐकायचं, पुन्हा ऐकायचं, नाटक तोवर वाट बघेल. त्यात कमीपणा काही नाही, प्रेक्षकाशी केलेला तो वेगळा करार आहे. पण तुम्हाला पदातून कथा पुढे न्यायची असेल तर ‘वन्स मोअर’ परवडत नाही; बदललेला बिली पुन्हा पहिल्यासारखा होऊन तेच कसं गाईल? देवलांच्या ‘शारदा’त काही जागी पद प्रसंगाच्या पोटातून येतं. तिथून हॅमरस्टाइन यांच्याकडे जाणारी वाट सरळ आहे.

कानाचं एक उदाहरण देते, कारण गीतकाराने ते गाठीशी बांधावं. ‘कॅरोसेल’मध्येच ज्युलीचं एक सुरेख गाणं आहे, नवरा चांगला का वाईट याचा विचार करून काय उपयोग, अशा अर्थाचं. ते नाटकाबाहेर फारसं गाजलं नाही. हॅमरस्टाइन यांनी दोष स्वतःकडे घेतला: शेवटचा शब्द ‘टॉक’. ‘क’वर तोंड बंद होतं, गायिकेला शेवटचा सूर लांबवता येत नाही, टाळीची जागा जाते. मराठीतही हेच. ओळीच्या शेवटी ‘आ’, ‘ए’, ‘ओ’ असेल तर गायक फुलतो, ‘त’ किंवा ‘ट’ असेल तर गळा दाबल्यासारखा होतो. आपले जुने पदकर्ते हे जाणत होते. आज लिहिणारे बरेच जण कागदावर लिहितात आणि कागदावरच तपासतात. मोठ्याने गाऊन बघा, बेसूर का असेना.

त्यांच्याकडून न जमलेलंही सांगायला हवं. १९४७ चं ‘अलेग्रो’ हे स्वतः रचलेल्या कथेवरचं धाडसी नाटक, जवळजवळ नेपथ्याशिवाय, ग्रीक पद्धतीच्या कोरससह. ते ३१५ प्रयोगांत आटोपलं आणि त्याचा उत्तरार्ध त्यांना शेवटपर्यंत खटकत राहिला. शॉच्या ‘पिग्मॅलियन’शी त्यांनी आणि रॉजर्स यांनी बरीच झटापट केली आणि सोडून दिलं. हे होणार नाही, असं त्यांनी नाटककार-गीतकार अॅलन जे लर्नर यांना सांगितलंही. लर्नर यांनी १९५६ मध्ये ‘माय फेअर लेडी’ करून दाखवली. पु. लं.ची ‘ती फुलराणी’ त्या म्युझिकलवरून नव्हे, थेट ‘पिग्मॅलियन’वरून आली. ही तीन नावं नेहमी एकत्र गोवली जातात, म्हणून सांगितलं.

आणि ‘साउथ पॅसिफिक’ (१९४९). सैन्यातलं जीवन हॅमरस्टाइन यांना ठाऊक नव्हतं. दिग्दर्शक जोशुआ लोगन यांनी त्यांच्याबरोबर बसून संहितेचा मोठा भाग लिहिला. सहलेखक म्हणून नाव मिळालं, पण स्वामित्वहक्कात वाटा नाही. लोगन यांच्या मनात ते सलत राहिलं, आणि हॅमरस्टाइन यांच्याबद्दल आदर असूनही मला त्यात लोगन यांची बाजू बरोबर वाटते. त्याच नाटकात वंशद्वेषावरचं छोटं गाणं आहे: द्वेष जन्माने येत नाही, मुलाला सहा-सात-आठ वर्षांचं व्हायच्या आत तो शिकवावा लागतो. ते काढून टाका असा दबाव आला, लेखक-संगीतकारांनी नकार दिला. १९५३ मध्ये जॉर्जिया राज्यातल्या काही लोकप्रतिनिधींनी त्या गाण्यावर उघड हल्ला चढवला. या लेखकाला भाबडं म्हणण्यापूर्वी हे गाणं वाचा. चाल बालगीतासारखी उड्या मारणारी, आणि शब्द मात्र हे असे. ‘द किंग अँड आय’मधलं पौर्वात्य दरबाराचं चित्र मात्र आज खुपतं. थायलंडमध्ये त्यावरून निघालेल्या चित्रपटावर बंदी आली, त्यालाही कारण होतं.

वारसा विचारलात तर सगळ्यात मोठं नाव एका माणसाचं आहे, म्युझिकलचे संगीतकार-गीतकार स्टीफन सॉन्डहाइम. आईवडिलांच्या घटस्फोटानंतर दहाएक वर्षांचा हा मुलगा आईबरोबर डॉइल्सटाउनजवळ राहायला आला, हॅमरस्टाइन यांच्या मुलाचा मित्र झाला आणि त्यांच्याच घरात वाढला म्हणावं इतका तिथे असे. शाळेत असताना त्याने एक म्युझिकल लिहिलं आणि मला तटस्थपणे सांगा म्हणून त्यांना दिलं. हॅमरस्टाइन म्हणाले, तसं सांगायचं तर मी वाचलेलं हे सगळ्यात वाईट. मग अख्खी दुपार बसून त्यांनी पहिल्या रंगसूचनेपासून ओळ न् ओळ तपासून दिली. बहुतेकांना आयुष्यभरात मिळत नाही इतकं मी त्या दुपारी शिकलो, असं सॉन्डहाइम सांगत. माझ्यासारखं लिहू नकोस, तुला वाटतं ते लिही, हेही त्यांनीच बजावलं. ‘वेस्ट साइड स्टोरी’ची नुसती गीतं लिहायची सॉन्डहाइमची तयारी नव्हती, त्यांना संगीतही द्यायचं होतं, चांगल्या लोकांबरोबर काम करायला मिळतंय, घे, असं म्हणून हॅमरस्टाइन यांनीच त्यांना पाठवलं. शिष्याने पुढे ‘स्वीनी टॉड’सारखं गुरूच्या जगापासून कोसो दूर असलेलं काम केलं, आणि गुरूच्या ओळींवर जाहीर टीकाही केली. ‘द साउंड ऑफ म्युझिक’च्या शीर्षकगीतातला प्रार्थना शिकणारा चंडोल म्हणजे काय, पक्षी प्रार्थना शिकतोय हे कळणार कसं, असा त्यांचा रोखठोक सवाल. तो बरोबरच आहे. हॅमरस्टाइन यांची प्रतिभा मर्यादित आणि अंतःकरण अमर्याद, असंही ते म्हणत.

त्या दुपारनंतर हॅमरस्टाइन यांनी सॉन्डहाइमला चार म्युझिकल लिहायला सांगितली. पहिलं, तुला आवडणाऱ्या उत्तम नाटकावरून. दुसरं, आवडतं पण ज्यात दोष आहे अशा नाटकावरून, आणि दोष काढून टाकायचा. तिसरं, नाटक नसलेल्या कशावरून, कथा किंवा कादंबरी. चौथं, स्वतःच्या डोक्यातून. सॉन्डहाइमनी या चारांवर काही वर्षं घालवली, आणि तिसरं अपुरंच राहिलं.

तुमचं नाटक हातात असताना तुम्हाला चारही करायला वेळ होणार नाही, म्हणून फक्त दुसरं करा. गाणी नसलेलं एखादं मराठी गद्य नाटक घ्या, ज्याचा एखादा अंक तुम्हाला दर वेळी पडल्यासारखा वाटतो. तो अंक का पडतो ते एका परिच्छेदात लिहा. मग त्या अंकात तीन पदं कुठे येतील ते ठरवा, आणि प्रत्येक पदाआधी पात्राला काय माहीत नव्हतं व पदानंतर काय माहीत झालं ते समासात नोंदवा. ज्या पदापुढे समासात लिहायला काही सापडणार नाही, ते काढा. पदं लिहायला बसायचं ते त्यानंतर.